वडिलांचे कर्ज आणि वारसाची सही

घरातला कर्ता माणूस गेला, की दहावे-तेरावे उरकते न उरकते तोच सोसायटीचा सचिव किंवा बँकेचा वसुली अधिकारी दारात येतो. अहिल्यानगर जिल्ह्यातल्या गावांत तो बहुधा ओळखीचाच असतो. सांत्वनाचे चार शब्द बोलतो, चहा घेतो आणि मग पिशवीतून कागद काढतो. ‘कर्ज तुमच्या नावावर नवे-जुने करून घ्या, म्हणजे खाते थकीत दिसणार नाही.’ मुलगा सही करतो, नाहीतर नवऱ्यामागे उरलेली बाई अंगठा उठवते. आलेल्या माणसाचा हेतू वाईट असतोच असे नाही. पण सहीच्या आधी त्या घराची जबाबदारी कायद्याने मर्यादित होती आणि सहीनंतर ती मर्यादा संपली, हे त्या वेळी कोणी सांगत नाही.

मूळ नियम साधा आहे. मृत माणसाचे देणे त्याने मागे ठेवलेल्या मालमत्तेतून फेडायचे असते. दिवाणी प्रक्रिया संहितेचे कलम ५० म्हणते, की मृताची जेवढी मालमत्ता वारसाच्या हाती आली, तेवढ्यापुरताच तो देणे लागतो. धर्म कोणताही असो, हा नियम सर्वांना लागू आहे. समजा, वडिलांवर नऊ लाखांचे कर्ज आहे आणि मागे राहिलेली जमीन, गाई, बँकेतली शिल्लक असे सगळे मिळून सहा लाख भरतात. बँक त्या सहा लाखांपर्यंत वसुली करू शकते. उरलेल्या तीन लाखांसाठी मुलाचा पगार, सुनेचे दागिने किंवा मुलाने स्वतःच्या कमाईतून घेतलेला प्लॉट यांना हात लावता येत नाही. मागे काहीच राहिले नसेल, तर वारस काहीच देणे लागत नाही.

‘बापाचे कर्ज फेडणे हा मुलाचा धर्म आहे’ ही समजूत मात्र खोल रुजलेली आहे. एके काळी कायदाही हा पुत्रधर्म मानत असे. हिंदू वारसा कायद्यात २००५ साली दुरुस्ती झाली आणि त्या वर्षीच्या ९ सप्टेंबरनंतर घेतलेल्या कर्जापुरता हा आधार संपला. केवळ मुलगा, नातू किंवा पणतू आहे म्हणून कर्ज फेड, असे आता कोणतेही न्यायालय सांगू शकत नाही. एक गोष्ट मात्र लक्षात ठेवा. वडिलांनी एकत्र कुटुंबाचे कर्ते म्हणून विहीर, पाइपलाइन किंवा पिकासाठी कर्ज घेतले असेल, तर त्या कुटुंबाची सामाईक जमीन त्या कर्जाला बांधील ठरू शकते. कर्ज कशासाठी काढले होते, हे म्हणूनच पहिल्या दिवशी शोधायचे.

दीडशे वर्षांपूर्वी याच मातीत

हा प्रश्न आपल्या जिल्ह्याला नवा नाही. मुंबई इलाख्यात १८६६ साली हिंदू वारसांच्या संरक्षणाचा कायदा झाला. बापाकडून काही मिळाले नसेल तर मुलाला वैयक्तिक जबाबदार धरता येणार नाही, हे तत्त्व तेव्हाच लिहिले गेले. तरीही १८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातल्या सुप्यात शेतकरी सावकारांच्या घरांवर चालून गेले आणि ते लोण पारनेर, श्रीगोंदे, नगर, कर्जत या तालुक्यांत पसरले. लोकांनी मुख्यतः कर्जरोखे मागितले आणि जाळले. चौकशीसाठी आयोग नेमला गेला. वडिलोपार्जित कर्ज हे शेतकऱ्यांच्या कर्जबाजारीपणाचे एक मोठे कारण असल्याचे त्याच्या अहवालात नोंदले गेले.

कायदा असूनही मुले का अडकली? १८५९ च्या मुदतीच्या कायद्याने रोख्याची मुदत तीन वर्षांवर आणली होती. शेतकऱ्याला दिलासा मिळावा हा त्यामागचा हेतू. सावकारांनी त्यावर तोड काढली. दर तीन वर्षांनी जुन्या रोख्यातले व्याज मुद्दलात धरून नवा रोखा लिहून घ्यायचा आणि बाप गेला असेल तर मुलाच्या नावाने लिहून घ्यायचा. मुलाने रोख्यावर निशाणी केली, की ते कर्ज त्याचे स्वतःचे झाले आणि १८६६ चा कायदा त्याच्या कामाचा राहिला नाही. पुढे १८७९ साली पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांसाठी दख्खनच्या शेतकऱ्यांच्या कर्जनिवारणाचा खास कायदा आला. न्यायाधीशाने केवळ शेवटचा रोखा न पाहता व्यवहार मुळापासून उकलावा, मुद्दल किती आणि व्याज किती ते वेगळे काढावे, हप्ते बांधून द्यावेत, कर्जापायी शेतकऱ्याला कैदेत टाकू नये, अशी त्याची रचना होती. न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांनी या कायद्याखाली विशेष न्यायाधीश म्हणून काम केले.

तो कायदा आज नाही, पण नवे-जुने आहे. म्हणून सांगतो, वडील गेल्यानंतरच्या पहिल्या काही महिन्यांत कर्जाच्या कोणत्याही कागदावर सही करू नका. शिल्लक मान्य असल्याचे पत्र, कर्ज वारसाच्या नावे वर्ग करण्याचा अर्ज, नवा ईकरार, तडजोडीचा अर्ज, यांतले काहीही असो, ‘कागद ठेवून जा, वकिलाला दाखवून कळवतो’ एवढेच म्हणा. मुदतीच्या आत दिलेली लेखी कबुली किंवा भरलेली थोडी रक्कमही कर्जाची मुदत नव्याने सुरू करते. साध्या, विनातारण कर्जाच्या दाव्याची मुदत साधारण तीन वर्षे असते, स्थावर गहाणाची बारा. हे सांगण्यामागे देणे बुडवा असा सल्ला नाही. वडिलांच्या मालमत्तेतून जे द्यायला हवे ते द्यावे. जे आपले देणेच नाही, ते घाबरून अंगावर घेऊ नये.

आधी वही घाला

एक दोनशे पानी वही घ्या. एका बाजूला वडिलांनी मागे काय ठेवले ते लिहा: सातबारा आणि आठ-अ उताऱ्यावरचे क्षेत्र, घराचा उतारा, बँकेतली शिल्लक, ठेवी, सोसायटी आणि कारखान्याचे शेअर, जनावरे, ट्रॅक्टर, येणे असलेले ऊसबिल. दुसऱ्या बाजूला देणी. मृत्यूनंतर जे विकले, ज्यावर खर्च केला, त्याची तारीख आणि पावतीही याच वहीत ठेवा. याला महत्त्व आहे. वडिलांचा ट्रॅक्टर विकून पैसे खर्च केले आणि ते कशावर गेले हे कोर्टाला पटवता आले नाही, तर तेवढ्या रकमेपुरती वसुली थेट तुमच्यावर येऊ शकते. कलम ५२ ते सांगते. शेवटच्या आजारपणाचा दवाखान्याचा खर्च, अंत्यविधीचा खर्च, आधीची देणी, या सगळ्यांच्या पावत्या म्हणून जपायच्या.

वडिलांच्या मालमत्तेत काय धरायचे नाही, तेही कळायला हवे. आईचे स्त्रीधन तिचे असते. भविष्य निर्वाह निधीची रक्कम मृताच्या कर्जापोटी जप्त करता येत नाही. विवाहित स्त्रियांच्या मालमत्तेच्या १८७४ च्या कायद्याखाली पत्नी-मुलांसाठी घेतलेली आयुर्विमा पॉलिसी सावकाराच्या आवाक्याबाहेर असते. मृत्यूनंतर शासनाने कुटुंबाला दिलेली मदत ही मृताची मालमत्ता नव्हे. ती बँकेने परस्पर कर्जखात्यात वळती केली, तर त्याच दिवशी लेखी हरकत घ्या.

उसाच्या पट्ट्यात, प्रवरा-गोदाकाठी, आणखी एक गोष्ट घडते. वडिलांनी सोसायटीला लिहून दिलेल्या संमतीवरून कारखाना ऊसबिलातून कपात करत असतो आणि पुढच्या हंगामात मुलाच्या नावाने गेलेल्या उसातूनही तीच कपात चालू राहते. ती संमती वडिलांची होती, मुलाची नव्हे. ऊस मुलाच्या स्वतःच्या जमिनीतला असेल, तर कारखान्याला आणि सोसायटीला दोघांनाही पत्र द्या आणि पोच घ्या.

आता दोन अपवाद, ज्यांच्यामुळे वरचे संरक्षण लागू होत नाही. तुम्ही सहकर्जदार किंवा जामीनदार म्हणून आधीच सही केली असेल, तर तुमची जबाबदारी स्वतंत्र आणि पूर्ण आहे. वडिलांच्या मालमत्तेची मर्यादा तिथे चालत नाही. घरकर्जात मुलाला किंवा पत्नीला सहकर्जदार केलेले असते आणि त्यांना ते आठवतही नसते. दुसरा अपवाद तारणाचा. गहाण असलेली जमीन किंवा घर वारसनोंद झाली तरी गहाणच राहते आणि सातबाऱ्याच्या इतर हक्कांत बोजा तसाच येतो. वारसनोंद मात्र लांबवू नका. तीन महिन्यांच्या आत कळवण्याचे बंधन आहे आणि नोंद झाली म्हणून कर्ज अंगावर येत नाही.

वही घालताना बँकेकडून कर्जखात्याचा सुरुवातीपासूनचा उतारा लेखी अर्ज करून मागा. तो ओळ न् ओळ वाचा. कधीतरी एखाद्या मार्चमध्ये ‘विमा हप्ता’ म्हणून रक्कम वजा झालेली दिसते आणि घरात कोणालाच त्याची कल्पना नसते. कर्जासोबत काढलेल्या विम्याने संपूर्ण कर्ज फिटलेले असू शकते. बचत खात्यातून वर्षाला ४३६ रुपये कापले जात असतील तर ती प्रधानमंत्री जीवन ज्योती विमा योजना, दोन लाखांची. २० रुपये कापले जात असतील तर सुरक्षा विमा, अपघाती मृत्यूला दोन लाख. शेतकऱ्याचा मृत्यू वीज पडून, सर्पदंशाने, विहिरीत पडून किंवा विजेच्या धक्क्याने झाला असेल, तर गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजनेतून दोन लाख मिळतात. तालुका कृषी अधिकाऱ्याकडे तीस दिवसांत अर्ज द्यायचा असतो. आयुर्विमा सुरू होऊन तीन वर्षे झाली असतील, तर आजार लपवला वगैरे कारण सांगून कंपनीला दावा नाकारता येत नाही. नाकारलाच तर जिल्हा ग्राहक आयोगाकडे दोन वर्षांच्या आत तक्रार करा.

कोणत्या दारात जायचे

सर्वाधिक घरे इथे चुकतात. कर्ज देणारा कोण, यावर दार ठरते आणि चुकीच्या दारात गेलेला वेळ परत मिळत नाही.

गावची सोसायटी, पतसंस्था किंवा राज्याच्या सहकार कायद्याखालची बँक असेल, तर ती बहुतेक वेळा कलम १०१ खाली वसुली दाखल्यासाठी उपनिबंधक किंवा सहायक निबंधकाकडे अर्ज करते. त्याची नोटीस येते, सुनावणी होते. या सुनावणीला गैरहजर राहू नका, हे मी हात जोडून सांगतो. एकदा दाखला निघाला की दिवाणी कोर्टात त्याला आव्हान देता येत नाही. राहतो तो कलम १५४ खालचा पुनरीक्षण अर्ज, तोही दोन महिन्यांत आणि येणे रकमेच्या निम्मी रक्कम आधी भरून. निम्मी रक्कम हाताशी असती, तर हे घर इथवर आलेच नसते. जे सांगायचे ते पहिल्याच सुनावणीत लेखी सांगायचे: कर्जदार मयत आहे, आम्ही वारस आहोत, सहकर्जदार वा जामीनदार नाही, आमच्या हाती आलेली मालमत्ता एवढीच, आमची जबाबदारी तेवढीच. सोबत मृत्यूचा दाखला, उतारे आणि वहीवरून केलेली यादी जोडा. शेतीकर्ज असेल तर व्याजाचा आकडा तपासा. शेतीसाठी संस्थेने दिलेल्या कर्जावर मुद्दलापेक्षा जास्त व्याज वसूल करायला कलम ४४अ आड येते. जुन्या दामदुपटीच्या नियमाचाच तो अवतार आहे.

बँक राष्ट्रीयीकृत, खासगी किंवा सहकारी असेल आणि घर, दुकान किंवा बिनशेती प्लॉट तारण असेल, तर ती २००२ च्या सरफेसी कायद्याने कोर्टात न जाता ताबा घेऊ शकते. सहकारी बँकांनाही हा कायदा लागू आहे. कोल्हापूर जिल्ह्यातल्या मुरगूडच्या सहकारी बँकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ५ मे २०२० रोजी तसा निकाल दिला. आधी साठ दिवसांची मागणी नोटीस येते. त्या साठ दिवसांत लेखी हरकत द्या. बँकेला पंधरा दिवसांत उत्तर द्यावे लागते. ताब्याची कारवाई झाली, तर त्या दिवसापासून पंचेचाळीस दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे अर्ज करायचा. तालुक्याच्या दिवाणी कोर्टाला यात मनाई देता येत नाही. थेट उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात रिट घालायची घाईही करू नका. न्यायाधिकरणाचा मार्ग असताना रिट ऐकू नये, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१० च्या सत्यवती टंडन प्रकरणापासून वारंवार बजावले आहे. रक्कम भरून मालमत्ता सोडवायची असेल तर लिलावाची जाहिरात छापून येण्याआधी भरा. जाहिरातीनंतर तो हक्क उरत नाही, असे २०२३ च्या बाफना मोटर्स निकालाने स्पष्ट केले.

शेतजमिनीला सरफेसीतून सूट आहे. पण उताऱ्यावर ‘जिरायत’ लिहिले आहे एवढ्याने भागत नाही. तारण देताना जमीन खरोखर शेतीसाठी वापरात होती का, हे पाहिले जाते. सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली पप्पिरेड्डियार प्रकरणात तसे सांगितले आहे. म्हणून पीकपाहणीचे जुने उतारे, वीजपंपाची बिले, ऊसनोंदी सांभाळून ठेवा. आणि हेही लक्षात असू द्या, की ही सूट फक्त सरफेसीपुरती आहे. दिवाणी हुकूमनाम्याने किंवा १०१ च्या दाखल्याने तारण जमिनीचा लिलाव होऊ शकतो.

बँकेने दिवाणी दावा लावला, तर सर्वांत जास्त दिलासा तिथेच आहे. कैफियतीत कलम ५० चा बचाव घ्या. पैशाच्या दाव्यात कोर्ट हुकूमनामा देतानाच हप्ते बांधून देऊ शकते. त्यानंतर मात्र बँकेची संमती लागते, म्हणून हप्त्यांची मागणी निकालाआधी करायला हवी. जप्ती आलीच, तर कलम ६० पाहा. शेतकऱ्याची अवजारे, बैल, बियाणे, राहते घर, स्वयंपाकाची भांडी आणि मंगळसूत्र जप्त होत नाही. घर गहाण दिलेले असेल, तर ही सवलत नाही. कर्जदार वारल्यानंतर त्याच्याच नावाने लावलेल्या दाव्यातला हुकूमनामा कायद्याच्या दृष्टीने शून्य असतो. पण म्हणून टपाल परत पाठवत बसू नका. बँक वारसांवर नव्याने येऊ शकते आणि मधल्या काळात व्याज चढते.

बहुराज्य संस्था असेल तर १०१ लागत नाही. तिथे लवाद बसतो आणि त्याच्यापुढेही वरचेच म्हणणे लेखी द्यायचे. बँकच बंद पडली म्हणून कर्ज सुटत नाही, हेही सांगायला हवे. नगर अर्बन को-ऑपरेटिव्ह बँकेचा परवाना रिझर्व्ह बँकेने ऑक्टोबर २०२३ मध्ये रद्द केला. अशा वेळी कर्जे अवसायक वसूल करतो. खासगी सावकाराचे कर्ज असेल तर त्याच्याकडे परवाना आहे का, हे जिल्हा उपनिबंधक कार्यालयात विचारा. बिनपरवाना सावकाराने जमीन लिहून घेतली असेल, तर तक्रारही तिथेच.

तडजोड, लोकअदालत आणि मोफत वकील

एकरकमी तडजोडीची बोलणी जरूर करा, पण तो तुमचा हक्क नाही. बँकेने ती द्यावीच, असा आदेश कोर्ट देऊ शकत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२१ मध्ये बिजनौरच्या एका सहकारी बँकेच्या प्रकरणात ठरवले. तडजोडीची चांगली जागा म्हणजे राष्ट्रीय लोकअदालत. दावा दाखल होण्याआधीची प्रकरणेही तिथे घेतात, कोर्ट फी लागत नाही आणि निवाड्यावर अपील नसते. हीच गोष्ट धोक्याचीही आहे. मांडवातल्या गर्दीत, ‘आजच सही करा’ या घाईत वारस स्वतःच्या नावाने पूर्ण रकमेचे हप्ते मान्य करून येतात आणि नंतर परतीची वाट राहत नाही. तडजोडीच्या मसुद्यात ‘मयताच्या मालमत्तेपुरती जबाबदारी’ हे शब्द लिहून घेतल्याशिवाय सही करू नका.

वकील परवडत नाही म्हणून गप्प बसू नका. जिल्हा विधी सेवा प्राधिकरण जिल्हा न्यायालयात आहे, तालुक्याच्या कोर्टात तालुका समिती असते आणि १५१०० हा मोफत क्रमांक आहे. स्त्रियांना उत्पन्न कितीही असले तरी मोफत वकील मिळतो. मागे पत्नी आणि लहान मुले असतील, तर आईने आणखी एक काळजी घ्यायची. अज्ञान मुलांच्या हिश्श्याची जमीन जिल्हा न्यायालयाच्या परवानगीशिवाय विकता किंवा गहाण टाकता येत नाही. कोणी कितीही आग्रह केला तरी तशा खतावर सही नको. सासरी गेलेल्या मुलीही वारस आहेत, त्यांनाही नोटिसा जातात. बहिणीने हक्कसोड केली असेल तर त्या खताची प्रत तिने सुनावणीत द्यावी.

वसुलीसाठी येणाऱ्यांना सकाळी आठच्या आधी आणि संध्याकाळी सातनंतर फोन करता येत नाही. चावडीवर नाव पुकारणे, नातेवाइकांना फोन लावणे, धमकावणे हेही चालत नाही. तारीख, वेळ, फोन क्रमांक वहीत लिहा आणि बँकेच्या तक्रार अधिकाऱ्याला लेखी कळवा. तीस दिवसांत दाद मिळाली नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जा. पतसंस्था असेल तर सहायक निबंधकाकडे.

कर्ज फिटले किंवा तडजोड पूर्ण झाली, की बेबाकी दाखला त्याच आठवड्यात मागा. तारणाची मूळ कागदपत्रे तीस दिवसांत परत करणे आणि बोजा उतरवण्याची नोंद करणे हे बँकेचे काम आहे. १ डिसेंबर २०२३ पासून उशिराच्या प्रत्येक दिवसाला ५,००० रुपये भरपाई देण्याचा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. कर्जदार हयात नसेल तर ही कागदपत्रे वारसांना कशी मिळतील, हेही बँकेने जाहीर करायचे असते. बँकेचे पत्र तलाठी कार्यालयात द्या, फेरफार मंजूर झाल्यावर ताजा सातबारा काढा आणि इतर हक्कांच्या रकान्यातून बोजा खरोखर गेला आहे ना, ते स्वतः वाचून पाहा. जामीनदारालाही दाखल्याची एक प्रत द्या.